सी. रामचंद्र : चटकदार ठेका आणि संयमी सूर

हिंदी चित्रपटसंगीताच्या बहराच्या काळातील ज्या थोड्या संगीतकारांनी त्या संगीताचा चेहरामोहरा बदलला, त्यांत सी. रामचंद्र यांचे नाव अग्रक्रमाने घ्यावे लागते. संपूर्ण नाव रामचंद्र नरहर चितळकर. जन्म १२ जानेवारी १९१८ रोजी तत्कालीन अहमदनगर, म्हणजे आताच्या अहिल्यानगर जिल्ह्यातील पुणतांबे येथे झाला. चित्रसृष्टी त्यांना ‘अण्णा’ म्हणून ओळखत असे, तबकडीवर गायक म्हणून त्यांचे नाव केवळ ‘चितळकर’ असे छापले जाई आणि श्रेयनामावलीत ते ‘सी. रामचंद्र’ असत. एकाच माणसाची ही तीन नावे रसिकांच्या मनात कित्येक वर्षे तीन वेगळी माणसे म्हणून नांदत होती. ‘अलबेला’तील गाणी गुणगुणणाऱ्यांपैकी अनेकांना त्यातला पुरुषी आवाज खुद्द संगीतकाराचाच आहे, याचा पत्ता नसे.

त्यांच्याविषयी दोन परस्परविरोधी मते पहिल्यापासून रूढ आहेत. एका मतानुसार ते पाश्चात्त्य ठेक्यांची आयात करून हिंदी गाण्याला उडते, सवंग वळण लावणारे संगीतकार होत. दुसऱ्या मतानुसार हिंदी चित्रपटातील भावगीताला त्यांच्याइतका शालीन, हळवा आणि अल्पाक्षरी सूर फार थोड्यांनी दिला. दोन्ही मतांच्या पुष्टीसाठी भरपूर गाणी सापडतात, आणि बहुधा ती एकाच वर्षातली असतात. १९५१ साली ‘अलबेला’ आला, १९५२ साली ‘परछाईं’ आणि १९५३ साली ‘अनारकली’. या तीन चित्रपटांतील गाणी एकापाठोपाठ ऐकली, तर हा वाद घालणाऱ्यांनी अर्धेच रामचंद्र ऐकले होते असे वाटू लागते.

रामचंद्रांचे शास्त्रीय संगीताचे शिक्षण दोन ठिकाणी झाले. नागपूरला शंकरराव सप्रे यांच्याकडे त्यांनी धडे घेतले. पुढे ज्यांच्या गायकीने महाराष्ट्राला वेड लावले ते वसंतराव देशपांडे हेही सप्रेगुरुजींचेच विद्यार्थी. पुण्यात विनायकबुवा पटवर्धन यांच्या गांधर्व महाविद्यालयात त्यांनी शिक्षण घेतले. विनायकबुवा हे विष्णु दिगंबर पलुसकरांचे शिष्य, अर्थात ग्वाल्हेर घराण्याच्या शिस्तीचे. त्या घराण्यात बंदिशीचा मुखडा स्वच्छ, ठाशीव आणि तालाशी घट्ट बांधलेला असावा लागतो. रामचंद्रांच्या चालींचा मुखडा पहिल्या ऐकण्यातच पाठ होतो, याचे मूळ या तालमीत शोधायला हरकत नाही.

तरुण रामचंद्रांची ओढ मात्र गाण्याइतकीच पडद्याकडे होती. वाय. व्ही. राव यांच्या ‘नागानंद’ या चित्रपटात त्यांना चक्क नायकाची भूमिका मिळाली. चित्रपट पडला आणि नायकपणही तिथेच संपले. पुढे सोहराब मोदी यांच्या मिनर्व्हा मूव्हीटोनमध्ये किरकोळ भूमिका करता करता ते संगीत विभागात आले आणि बुंदू खाँ व हबीब खाँ यांच्या हाताखाली पेटी वाजवू लागले. पगारी पेटीवाल्याची ही उमेदवारी त्यांच्या फार उपयोगी पडली. चाल बांधणारा एक, ती लिहून घेणारा दुसरा, वाजवणारे तिसरेच, अशी ध्वनिमुद्रणाची सगळी यंत्रणा त्यांना आतून पाहायला मिळाली. कोणते वाद्य मायक्रोफोनसमोर कसे ऐकू येते, हे ज्ञान कोणत्याही विद्यालयात मिळण्यासारखे नव्हते.

स्वतंत्र संगीतकार म्हणून त्यांची सुरुवात तमिळ चित्रपटांपासून झाली, ही गोष्ट मराठी वाचकाला चमत्कारिक वाटेल. ‘जयक्कोडी’ आणि ‘वनमोहिनी’ हे १९४०-४१च्या सुमाराचे दोन तमिळ चित्रपट त्यांना मिळाले ते मास्टर भगवान यांच्यामुळे. भगवान पालव हे गिरणी कामगाराचे चिरंजीव, मारधाडीचे स्वस्त चित्रपट झटपट काढण्यात वाकबगार. या दोघांची मैत्री जमली ती आयुष्यभराची. १९४२ साली भगवान यांच्याच ‘सुखी जीवन’ या चित्रपटाने रामचंद्र हिंदीत आले. या काळात त्यांनी ‘राम चितळकर’, ‘अण्णासाहेब’ अशी नावे वापरली. ‘सी. रामचंद्र’ हे नाव पुढे जयंत देसाई यांच्यासारख्या मोठ्या निर्मात्यांच्या चित्रपटांबरोबर रूढ झाले.

खरे यश मिळाले फिल्मिस्तानमध्ये. १९४६ सालच्या ‘सफर’पासून त्यांचे नाव होऊ लागले आणि १९४७ सालच्या ‘शहनाई’ने ते घरोघरी पोहोचवले. पी. एल. संतोषी या चित्रपटाचे दिग्दर्शक आणि गीतकारही. रविवारी भेटायला बोलावणारे त्यातील खट्याळ गाणे मीना कपूर, शमशाद बेगम आणि स्वतः चितळकर यांनी गायिले. त्यात गिटार, माउथ ऑर्गन आणि शीळ यांचा वापर होता. गीताचे शब्द हिंदी-इंग्रजीची सरमिसळ करणारे, चाल कवायतीच्या तालाची, गाणाऱ्याचा आविर्भाव थट्टेचा. आदल्या पिढीचे संगीतकार नाट्यगीत, गझल आणि ठुमरी यांच्या परिघात काम करीत होते. त्या परिघाबाहेर हे गाणे बेधडक जाऊन उभे राहिले. सुजाण म्हणवणाऱ्या वर्गाने नाके मुरडली आणि रस्त्यावरच्या माणसाने ते उचलून धरले.

या यशानंतरचे एक गाणे थोडे बारकाईने पाहण्यासारखे आहे. १९४९ सालच्या ‘पतंगा’ या चित्रपटात रंगूनला गेलेल्या नवऱ्याचे आणि डेहराडूनला राहिलेल्या बायकोचे दूरध्वनीवरील संभाषण गाण्याच्या रूपाने येते. पडद्यावर गोप आणि निगार सुलताना, आवाज चितळकर आणि शमशाद बेगम यांचे, शब्द राजेंद्रकृष्ण यांचे. गाणे विनोदी आहे, परंतु त्याच्या मागे ताजा इतिहास आहे. दुसऱ्या महायुद्धात ब्रह्मदेशात अडकलेले आणि तेथून पायी परतलेले हजारो भारतीय तेव्हा सर्वांच्या आठवणीत होते. टेलिफोन ही वस्तू बहुसंख्य प्रेक्षकांनी हातातही धरलेली नव्हती. रामचंद्रांनी या संवादासाठी अवघी काही स्वरांची, बोलल्यासारखी चाल केली. नवरा आपली दैना सांगतो तेव्हाही ठेका हसतच राहतो. सत्तर वर्षे उलटून गेली तरी हे गाणे शिळे वाटत नाही, याचे कारण त्या चालीत गाण्यापेक्षा बोलणेच अधिक आहे.

पाश्चात्त्य वळणाच्या या गाण्यांमागे मुंबईतील गोमंतकीय वादकांचा फार मोठा वाटा आहे. हॉटेलांतून आणि क्लबांतून जॅझ वाजवणारे हे कलावंत स्वातंत्र्यानंतर चित्रपटांच्या ध्वनिमुद्रणाकडे वळले. त्यांना स्वरलेखन वाचता-लिहिता येत होते, ट्रम्पेट, सॅक्सोफोन, क्लॅरिनेट, व्हायोलिन ही वाद्ये त्यांच्या हातात मुरलेली होती. हल्दोणे गावचे आंतोनियु शाव्हिएर वाझ ऊर्फ चिक चॉकलेट हे नावाजलेले ट्रम्पेटवादक रामचंद्रांचे सहायक होते. रामचंद्र पेटीवर चाल सांगत आणि चिक चॉकलेट तिच्याभोवती ब्रास वाद्यांचा साज चढवत. ‘अलबेला’त तर चिक चॉकलेट आणि त्यांचा वाद्यवृंद झालरीचे कपडे घालून प्रत्यक्ष पडद्यावरही झळकला. श्रेयनामावलीत अशा वादकांना क्वचितच जागा मिळे. संगीतकाराच्या नावाखाली त्यांचे काम झाकले गेले, हा त्या काळाचा रिवाज होता. रामचंद्रांच्या बाबतीतही तो मोडला गेला असे म्हणता येणार नाही.

नकलेचा आरोप येथेच उपस्थित होतो. १९५० सालच्या ‘समाधि’मधील गोऱ्या छैलाला उद्देशून असलेले लता मंगेशकर आणि अमीरबाई कर्नाटकी यांचे गीत एडमंडो रॉस यांच्या एका लॅटिन अमेरिकी गाण्यावर बेतलेले आहे, हे सर्वश्रुत आहे. ते झाकण्यासारखे नाही. मात्र मूळ गाण्याचा उसना घेतलेला भाग ओळखल्यानंतरही हिंदी गाण्याचा अंतरा ज्या सफाईने आपल्या मातीत येतो, ती करामत उसनी नव्हे. गमतीची गोष्ट अशी, की ‘समाधि’ हा आझाद हिंद फौजेच्या पार्श्वभूमीवरचा चित्रपट. एकाच चित्रपटात फौजेचे संचलनगीतही आहे आणि लॅटिन नाचाचा ठेकाही. हिंदी चित्रपटाला असल्या शेजाराचे कधीच वावडे नव्हते.

‘अलबेला’ची कथा मराठी वाचकांना नव्याने सांगण्याची गरज नाही. स्वस्त मारधाडपटांचा शिक्का पुसण्यासाठी भगवानदादांनी सर्वस्व पणाला लावून सामाजिक चित्रपट काढला आणि मित्राच्या संगीताने तो तरला, एवढे नमूद करणे पुरे. भगवानदादांची बहुतेक गाणी चितळकरांनी गायिली. त्यांचा आवाज नायकाच्या तोलामोलाचा नव्हता. थोडा अनुनासिक, थोडा सपाट आणि साधा. तोच पडद्यावरच्या गोलमटोल, सामान्य माणसासारख्या दिसणाऱ्या भगवानदादांना चपखल बसला. भडकलेल्या शोल्याच्या त्या प्रसिद्ध गाण्यात बोंगो, ट्रम्पेट आणि क्लॅरिनेट यांचे मिश्रण आहे. बोंगो हिंदी चित्रपटात सर्वप्रथम येथेच वाजला, असे अनेकदा लिहिले जाते. असल्या ‘सर्वप्रथम’च्या दाव्यांकडे सावधपणेच पाहिलेले बरे. त्या वाद्याला गाण्यात नुसत्या चवीपुरते न ठेवता पाठीचा कणा केले, एवढे श्रेय मात्र निर्विवाद आहे.

त्याच ‘अलबेला’त पिलूच्या अंगाने जाणारी अंगाई आहे. एक आवृत्ती लतादीदींच्या एकट्या आवाजात, दुसरीत चितळकरांची साथ. सगळा धांगडधिंगा थांबतो, वाद्ये मागे सरतात आणि निद्रेला हलकेच बोलावणारा एक सूर उरतो. त्याच ध्वनिमुद्रण कक्षात, त्याच वादकांसह आणि त्याच महिन्यांत या दोन टोकांच्या चाली तयार होत होत्या.

रामचंद्रांच्या हळव्या चालींचा अभ्यास करताना दोन राग पुनःपुन्हा भेटतात, भीमपलास आणि बागेश्री. दोहोंतही गंधार आणि निषाद कोमल, दोहोंतही मध्यमाला मान. भीमपलास दिवसाच्या तिसऱ्या प्रहराचा, बागेश्री रात्रीचा. ‘अनारकली’मधील जीवन कुणाचे, याचे उत्तर देणारे लतादीदींचे गीत भीमपलासात आहे. याच चित्रपटातील हेमंतकुमार आणि लतादीदींचे, प्रेमाच्या वेदनेला जागे करणारे युगुलगीत बागेश्रीत. १९५५ सालच्या ‘आझाद’मधील राधेचा अबोला पुन्हा बागेश्रीतच. रागाचे नाव ठाऊक नसलेल्या श्रोत्यालाही या गाण्यांत एक नातेसंबंध जाणवतो. परंतु रामचंद्र राग मांडत बसत नाहीत. ताना, सरगम, तिहाया यांचे प्रदर्शन त्यांच्या गाण्यांत जवळजवळ नाही. नौशाद यांच्या रागाधारित गाण्यांत मैफलीचा दरबारी थाट असतो. रामचंद्रांच्या गाण्यात राग घरच्या कपड्यांत वावरतो. पंचमावरून मध्यमावर उतरणारी एखादी मींड, अंतऱ्याच्या शेवटी मुखड्याकडे परतताना घेतलेला किंचित विलंब, एवढ्यावर त्यांचे भागते.

‘अनारकली’च्या संगीताची जबाबदारी प्रथम वसंत प्रकाश यांच्याकडे होती. ते खेमचंद प्रकाश यांचे बंधू. पुढे काम रामचंद्रांकडे आले. वसंत प्रकाश यांचे गीता दत्त यांच्या आवाजातील एक गीत चित्रपटात कायम राहिले. चित्रपटाच्या यशात सर्वांत मोठा वाटा गाण्यांचा होता, याबद्दल दुमत नाही. ‘मुगल-ए-आझम’ पडद्यावर येण्यापूर्वी सात वर्षे अनारकली ही लोकांच्या मनात लतादीदींच्या आवाजातूनच जिवंत होती. शेवटच्या गीतात भिंत चढत जाते आणि नायिका गातच राहते. येथे एखाद्या संगीतकाराने आक्रोश उभा केला असता. रामचंद्रांनी चाल जवळपास तीच ठेवली, लय सावरली आणि सगळा भार गायिकेच्या श्वासावर टाकला.

लता मंगेशकर यांच्या आवाजाचा असा विश्वासाने केलेला उपयोग हे रामचंद्रांच्या कामगिरीचे मर्म म्हणावे लागेल. ‘पतंगा’पर्यंत शमशाद बेगम, अमीरबाई कर्नाटकी, ‘नदिया के पार’साठी ललिता देऊळकर (पुढे ललिताबाई फडके) असे वेगवेगळे आवाज ते वापरत. १९५०च्या ‘सरगम’, ‘संगीता’, ‘निराला’पासून मात्र त्यांची चाल लतादीदींच्या आवाजाच्या मापानेच शिवली जाऊ लागली. वरच्या सप्तकात न ताणता, मधल्या पट्टीत, कुजबुजीच्या जवळ जाणारा तो आवाज ‘निराला’तील मैफलीच्या गीतात ऐकावा. शमा आणि परवाना ही उर्दू काव्यातील झिजून गेलेली प्रतिमा, पण चालीत कुठेही भडकपणा नाही. पुरुष आवाजांत त्यांचा ओढा तलत महमूद यांच्याकडे होता. ‘परछाईं’ आणि १९५५ सालचा ‘यास्मिन’ यांतील तलतची गीते याची साक्ष देतात. महंमद रफी यांचा वापर त्यांनी तुलनेने कमी केला. चित्रपटसंगीतात रफींचे राज्य सुरू होत असताना हे त्यांना व्यवहारात महाग पडले असावे.

‘आझाद’ची हकिकत चित्रसृष्टीत दंतकथेसारखी सांगितली जाते. कोइमतूरच्या पक्षिराजा स्टुडिओचे एस. एम. श्रीरामुलु नायडू यांना महिन्याभरात सगळी गाणी हवी होती. नौशाद यांनी असे घाऊक काम करण्यास नकार दिला आणि रामचंद्रांनी ते दोनेक आठवड्यांत हातावेगळे केले, असे म्हणतात. घाईत केलेल्या या गाण्यांपैकी एकही घाईचे वाटत नाही. त्यातील सुंदर मोसमाचे युगुलगीत तलत महमूद यांच्यासाठी होते. ते उपलब्ध होऊ शकले नाहीत म्हणून चितळकरांनी स्वतः गायिले, आणि इतक्या तलतच्या ढंगाने गायिले, की आजही अनेक जण ते तलतचेच समजतात. लता आणि उषा मंगेशकर या भगिनींचे नृत्यगीत याच चित्रपटातले.

दक्षिणेशी जुळलेले नाते पुढेही टिकले. जेमिनीच्या ‘इन्सानियत’ (१९५५), ‘राजतिलक’ (१९५८) आणि ‘पैगाम’ (१९५९) या चित्रपटांना त्यांचे संगीत आहे. ‘राजतिलक’चा तमिळ अवतार ‘वंजिक्कोट्टै वालिबन’. त्यातील पद्मिनी आणि वैजयंतीमाला यांच्या नृत्याच्या जुगलबंदीचे गीत पी. लीला आणि जिक्की यांनी गायिले. तमिळ रसिक ते आजही अभिमानाने ऐकवतात, आणि त्याचा संगीतकार पुणतांब्याचा आहे हे सांगितल्यावर चकित होतात.

१९५७ साली एम. व्ही. रामन यांच्या ‘आशा’साठी केलेले ‘ईना मीना डिका’ हे हिंदीतील रॉक अँड रोलचे मानदंड ठरलेले गाणे. किशोरकुमार आणि आशा भोसले यांच्या आवाजांत त्याच्या दोन स्वतंत्र आवृत्त्या आहेत. संगीतकक्षाबाहेर खेळणाऱ्या मुलांच्या इंग्रजी बडबडगीतावरून मुखडा सुचला आणि सहायक जॉन गोम्स यांनी त्याला ‘मला नको’ अशा अर्थाच्या कोंकणी शब्दांची जोड दिली, अशी त्याची जन्मकथा सांगतात. अर्थहीन शब्दांचे हे गाणे बांधणे दिसते तितके सोपे नाही. अर्थ नसल्यामुळे श्रोत्याला धरून ठेवण्याचे सगळे काम ताल आणि अक्षरांच्या आघातांना करावे लागते. व्यंजने तालाच्या नेमक्या कोणत्या मात्रेवर आदळावीत, याचा विचार केल्याशिवाय असे गाणे उभे राहत नाही. मराठी कान असलेल्या या संगीतकाराला लावणीच्या आणि पोवाड्याच्या आघातांची सवय होती, हे येथे विसरून चालणार नाही.

या काळात केंद्र सरकारचे नभोवाणी मंत्री होते बाळकृष्ण विश्वनाथ केसकर. चित्रपटगीते अभिरुची बिघडवतात या समजुतीने त्यांनी १९५२पासून आकाशवाणीवरून त्यांची हकालपट्टी केली. श्रोते रेडिओ सिलोनकडे वळले. १९५७ साली ‘विविध भारती’ सुरू झाली, तेव्हा कुठे गाण्यांना सरकारी दार पुन्हा उघडे झाले. केसकर पुण्याचे, शास्त्रीय संगीताचे कैवारी. विनायकबुवांच्या शिष्याचे ‘अनारकली’ याच बंदीच्या काळातले. शास्त्रीय संगीत सामान्यांपर्यंत नेण्याचे मंत्रिमहोदयांचे स्वप्न कोलंबोहून प्रक्षेपित होत होते, असे म्हणणे वावगे ठरू नये.

व्ही. शांताराम यांच्याबरोबर रामचंद्रांनी ‘परछाईं’, ‘सुबह का तारा’ (१९५४), ‘नवरंग’ (१९५९) आणि ‘स्त्री’ (१९६१) हे चित्रपट केले. पन्नाशीच्या दशकाच्या अखेरीस लता मंगेशकर आणि रामचंद्र यांच्यात दुरावा आला. त्याची कारणे दोघांकडून वेगवेगळी सांगितली गेली आणि ती उगाळण्यात स्वारस्य नाही. संगीतावर झालेला परिणाम मात्र नोंदवायलाच हवा. ‘नवरंग’ची गाणी आशा भोसले यांच्याकडे गेली आणि पुरुष आवाजासाठी तेव्हा उमेदवारी करणारे महेंद्र कपूर आले. अर्ध्या चंद्राचे आणि अर्ध्या रात्रीचे त्यांचे युगुलगीत मालकंसात आहे. ऋषभ आणि पंचम वर्ज्य असलेला हा राग गंभीर, भक्ती आणि वीररसाचा मानला जातो. शृंगारासाठी तो निवडणे धाडसाचेच होते. भरत व्यास यांच्या संस्कृतप्रचुर शब्दांना तो विलक्षण शोभला. ‘नवरंग’च्या गाण्यांत झांजा, मृदंग, घुंगरू आहेत, ट्रम्पेट कुठेही डोकावत नाही. ज्यांनी रामचंद्रांना केवळ ‘इंग्रजी चालींचे’ संगीतकार ठरवले होते, त्यांना हे उत्तर होते. ते मागून दिलेले नव्हते, एवढेच.

कवी प्रदीप यांच्याशी त्यांचे साहचर्य ‘नास्तिक’ (१९५४) आणि ‘पैगाम’मधून सुरू होते. प्रदीप यांचेही मूळ नाव रामचंद्रच, रामचंद्र नारायण द्विवेदी. १९६२च्या चीन युद्धातील पराभवानंतर या दोन रामचंद्रांनी मिळून ‘ऐ मेरे वतन के लोगो’ हे गीत सिद्ध केले. २७ जानेवारी १९६३ रोजी दिल्लीच्या नॅशनल स्टेडियमवर लता मंगेशकर यांनी ते राष्ट्रपती राधाकृष्णन आणि पंतप्रधान नेहरू यांच्या उपस्थितीत गायिले. पंडितजींच्या डोळ्यांत पाणी आले, ही घटना सर्वज्ञात आहे. आधी हे गीत आशा भोसले यांच्या आवाजात करण्याचा विचार होता. प्रदीप यांच्या आग्रहामुळे लतादीदी आल्या आणि दुराव्यानंतरही एका गीतापुरते सूर पुन्हा जुळले.

चालीकडे पाहिले तर तिचे वेगळेपण लक्षात येते. देशभक्तिपर गीत म्हटले की ढोल, बिगूल आणि संचलनाचा ताल ठरलेला. येथे सुरुवातीच्या ओळी तालाविना, मुक्त लयीत, सांगितल्यासारख्या येतात. ताल येतो तोही दबक्या पावलांनी. समूहस्वर आहेत, पण घोषणेसारखे नाहीत. हरलेल्या देशाला आवेश नको होता, मेलेल्यांची आठवण काढायला एक जागा हवी होती. ती जागा चालीने करून दिली. रडवण्याची एकही हमखास युक्ती तिच्यात वापरलेली नाही.

त्यानंतरची वाटचाल उताराची आहे. १९६३ची ‘बहुरानी’, १९६५चा ‘जिंदगी और मौत’ यांतील एखाद-दुसरे गीत गाजले. शंकर-जयकिशन यांचा भव्य वाद्यमेळ आणि रफींचा खुला आवाज यांनी बाजार व्यापला होता. ज्या उडत्या संगीताचा पाया रामचंद्रांनी घातला, त्यावर राहुलदेव बर्मन यांनी पुढे मजले चढवले. स्वतः निर्माता होण्याचा प्रयोगही रामचंद्रांनी केला होता. ‘झांझर’ आणि ‘लहरें’ (दोन्ही १९५३) हे त्यांच्या संस्थेचे चित्रपट. पैसा आला आणि गेलाही.

उतरत्या काळात ते मराठीकडे वळले. ‘धनंजय’ (१९६६) आणि ‘घरकुल’ (१९७०) या मराठी चित्रपटांना त्यांचे संगीत आहे. ‘घरकुल’मध्ये सुरेश भट यांचे, तारुण्याच्या मखमली स्पर्शाचे, आशाबाईंनी गायिलेले गीत आहे, अरुण सरनाईक, प्रमिला दातार आणि राणी वर्मा यांचे आई-बाबा-मुलांचे लाडके गाणे आहे, आणि बांबूच्या दाराच्या घराचा पत्ता सांगणारे फैयाज यांचे इंग्रजी वळणाचे गाणेही आहे. ‘शहनाई’चा खट्याळपणा तेवीस वर्षांनंतरही शिल्लक होता. ग. दि. माडगूळकर यांच्या ‘गीतगोपाल’लाही त्यांनी चाली दिल्या. सुधीर फडके यांच्या ‘गीतरामायणा’ने घरे आणि मने काबीज केलेली असताना त्याच कवीच्या दुसऱ्या गीतमालेला हात घालणे म्हणजे तुलना ओढवून घेणेच. ती झालीही, आणि ‘गीतगोपाल’ची स्वतंत्र गोडी त्या तुलनेत दुर्लक्षिली गेली. मराठी गाण्याला आयुष्याची पहिली पंचवीस वर्षे त्यांनी दिली असती तर काय झाले असते, हा प्रश्न मराठी रसिकांना अधूनमधून पडतो.

१९७७ साली ‘माझ्या जीवनाची सरगम’ हे त्यांचे आत्मचरित्र प्रसिद्ध झाले. त्यातील काही वैयक्तिक उल्लेखांवर बरीच चर्चा झाली. त्या गदारोळात मिनर्व्हाच्या पेटीपासून वाद्यवृंदापर्यंतच्या प्रवासाची हकिकत मागे पडली. हिंदी चित्रपटसंगीताच्या अभ्यासकाला ती अधिक मोलाची वाटेल. एन. टी. रामाराव यांच्या ‘अकबर सलीम अनारकली’ (१९७९) या तेलुगू चित्रपटाला त्यांनी संगीत दिले. उतारवयात पुन्हा तीच अनारकली, पुन्हा दक्षिणेतच. ५ जानेवारी १९८२ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. चौसष्ट वर्षे पूर्ण होण्यास सात दिवस उरले होते.

त्यांच्या हिंदी चित्रपटांची संख्या शंभरच्या घरात जाते. सूची करणाऱ्यांना मात्र टोपणनावांची अडचण पडते. ‘राम चितळकर’, ‘अण्णासाहेब’ आणि ‘श्यामू’ या नावांखालील चित्रपट गृहीत धरल्याशिवाय ती पूर्ण होत नाही. यांपैकी बरेचसे भगवानदादांच्या जुन्या मारधाडपटांचे असून त्यांच्या तबकड्या आज दुर्मीळ आहेत. ज्या मोजक्या संग्राहकांकडे त्या आहेत, त्यांच्याकडेच चाळिशीतल्या रामचंद्रांच्या जडणघडणीचा बराचसा पुरावा पडून आहे.